वय विचारायचं कसं?

महाराष्ट्रातल्या कुठल्याही गावात साठी-सत्तरी ओलांडलेल्या माणसांची आधार कार्डं मागून बघितली, तर त्यांतल्या बऱ्याच जणांची जन्मतारीख १ जून निघते. बाळंतपणं घरातच व्हायची आणि तारीख टिपून ठेवण्याची रीत नव्हती. मूल शाळेत घालायची वेळ आली की गुरुजी त्याला उजवा हात डोक्यावरून नेऊन डावा कान धरायला सांगत. बोटं कानाला लागली की पोर सहा वर्षांचं झालं. शाळा जूनमध्ये उघडायची, म्हणून दाखल्यावर १ जून आणि सहा वर्षं मागे मोजून आलेलं साल. तोच दाखला पुढे नोकरीला, रेशन कार्डाला, पेन्शनीला आणि शेवटी आधार कार्डाला जोडला गेला.

आईला विचारलं असतं तर तिने वेगळं सांगितलं असतं. ‘इंग्रज गेले त्या सालचा.’ ‘गांधींना मारलं तेव्हा रांगत होता.’ ‘पानशेत फुटलं त्याच्या आदल्या महिन्यातली.’ या उत्तरांना अडाणीपणा म्हणायचं कारण नाही. पानशेत १२ जुलै १९६१ ला फुटलं, म्हणजे तिसऱ्या आईने आपल्या लेकीचा जन्ममहिना बिनचूक सांगितला. लोकसंख्येचा अभ्यास करणारे हीच रीत वापरतात. दुष्काळ, पूर, साथी, भूकंप, निवडणुका यांची गावनिहाय यादी करायची आणि ‘तेव्हा तुमचं लग्न झालं होतं का, पहिलं मूल केवढं होतं’ असं विचारत वयापर्यंत पोचायचं. नुसतं ‘वय किती?’ विचारलं की लोक साठ, पासष्ट, सत्तर असे गोल आकडे सांगतात, हे आपल्या जनगणनेच्या तक्त्यांत दर वेळी दिसतं. शून्यावर आणि पाचावर किती माणसं उगाच गोळा झाली आहेत, हे मोजायला व्हिपल निर्देशांक नावाचं एक मापही आहे.

आकडा असा निसरडा असला तरी त्यावर पुष्कळ काही ठरतं. राज्यात ऑगस्ट २०२२ पासून ७५ वर्षं पूर्ण केलेल्यांना एसटीचा प्रवास मोफत झाला. कंडक्टर ओळखपत्रावरचं साल बघतो. सत्तर वर्षांपूर्वी कान धरायला लावून लिहिलेलं ते साल तिथे कुणाच्या कामी येतं, तर कुणाच्या आडवं येतं.

जगभर म्हातारपणाचा अभ्यास करणाऱ्यांपुढे पहिला पेच हाच आला आणि भल्याभल्यांना त्याने चकवलं. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला हार्वर्डचे डॉक्टर अलेक्झांडर लीफ दीर्घायुषी लोकांच्या शोधात जगभर फिरले. इक्वेडोरमधलं डोंगरात वसलेलं विल्काबांबा हे गाव त्यांना भेटलं. तिथे शंभरी ओलांडलेले किती तरी लोक शेतात काम करतात, अशी वार्ता होती. ‘नॅशनल जिओग्राफिक’च्या जानेवारी १९७३ च्या अंकात लीफ यांचा लेख आला आणि विल्काबांबाचं नाव जगभर झालं. काही वर्षांनी लीफ पुन्हा गेले, तेव्हा आधी भेटलेला एक म्हातारा मधल्या वर्षांच्या मानाने फारच जास्त वयाचा झालेला होता. मग रिचर्ड मॅझेस आणि सिल्व्हिया फोरमन यांनी चर्चमधल्या बाप्तिस्म्याच्या नोंदी आणि घराण्यांच्या वंशावळी ताडून पाहिल्या. १९७९ मध्ये त्यांनी निष्कर्ष मांडला, की गावात शंभरी गाठलेलं एकही माणूस नाही. सगळ्यांत वयस्कर व्यक्ती ९६ वर्षांची होती आणि शंभरीचा दावा करणाऱ्यांचं सरासरी खरं वय ८६ होतं. वय वाढवून सांगण्याची सुरुवात साधारण सत्तरीपासून होत होती.

या लोकांना खोटारडं म्हणून विषय संपवणं सोपं आहे. पण ज्या गावात पिकल्या केसांना मान आहे, तिथे माणूस वय वाढवून सांगतो. जिथे म्हातारं दिसणं कमीपणाचं वाटतं, तिथे तोच माणूस केसांना कलप लावतो आणि वय कमी करून सांगतो. त्या समाजात म्हातारपणाची किंमत काय, याचा पत्ता त्या फुगवलेल्या आकड्यातच लागतो.

कागदपत्रं चोख ठेवणाऱ्या देशातही फसगत होते. टोकियोत सर्वांत वृद्ध समजला जाणारा एक माणूस तीसेक वर्षांपूर्वीच घरात मरण पावला होता, हे २०१० मध्ये उघडकीस आलं. त्यानंतर जपान सरकारने कुटुंबनोंदणीची वह्या-दप्तरं तपासली. शंभरी ओलांडलेल्या २ लाख ३४ हजार लोकांचा ठावठिकाणाच लागेना. त्यांतल्या ८८४ जणांचं वय कागदोपत्री दीडशेच्या वर होतं. कुणी युद्धात गेलं होतं, कुणी परदेशी स्थायिक झालं होतं, कुणाच्या मृत्यूची नोंदच झाली नव्हती. तरीही जपानमध्ये खरेखुरे शतायुषी लोक कमी नाहीत. १९६३ मध्ये तिथे फक्त १५३ जणांनी शंभरी गाठलेली होती आणि सरकारने प्रत्येकाला चांदीची पेली भेट दिली. २०२४ मध्ये हा आकडा ९५ हजारांवर गेला. दरवर्षी हजारो पेल्या द्याव्या लागू लागल्या, तेव्हा निव्वळ चांदी परवडेना आणि चांदीचा मुलामा दिलेल्या पेल्या सुरू झाल्या.

वर्षं मोजण्याच्या रीतीही वेगवेगळ्या. दक्षिण कोरियात मूल जन्मतःच एक वर्षाचं धरत आणि १ जानेवारीला सगळ्यांचंच वय एकेने वाढे. ३१ डिसेंबरला जन्मलेलं बाळ दुसऱ्या दिवशी दोन वर्षांचं. २८ जून २०२३ ला कायद्याने ही रीत सरकारी कामकाजातून काढली आणि सगळा देश एक-दोन वर्षांनी लहान झाला. जपानमध्ये साठी पूर्ण झाली की ‘कानरेकी’ करतात. माणसाला लाल टोपी आणि लाल बंडी घालतात, कारण साठ वर्षांचं कालचक्र पुरं होऊन तो पुन्हा तान्ह्या बाळाच्या जागी आलेला असतो. आपल्या पंचांगातही प्रभव-विभवपासून क्षयापर्यंत साठ संवत्सरं आहेत. एक फेरा पुरा झाला की आपण षष्ट्यब्दीपूर्ती करतो. ऐंशी वर्षं आणि काही महिने झाले की हजार पौर्णिमा पाहून झाल्या म्हणून सहस्रचंद्रदर्शन. जपानी लोक ८८ व्या वर्षाला ‘तांदळाचं वय’ म्हणतात. आठ, दहा, आठ ही अक्षरं एकावर एक मांडली की तांदळाचं चित्राक्षर तयार होतं. इतक्या दूरच्या दोन देशांत साठीचा फेरा सारखाच मानला जातो, हे कळल्यावर आजोबांच्या शांतीच्या फोटोंकडे नव्याने बघावंसं वाटतं.

वयाचे असे हजार हिशेब असताना एकाच प्रश्नावलीने जग कसं मापणार? १९८० च्या दशकात जेनी कीथ, क्रिस्टीन फ्राय आणि त्यांच्या सहकारी मानवशास्त्रज्ञांनी हा प्रयत्न मनापासून केला. हाँगकाँग, आयर्लंड, अमेरिका आणि बोट्सवाना इथल्या सात वस्त्यांमध्ये जाऊन ते राहिले. म्हातारपण कशाला म्हणतात, ते चांगलं कधी असतं आणि वाईट कधी, हे त्यांना जाणून घ्यायचं होतं. त्यासाठी त्यांनी पत्त्यांचा एक खेळ केला. एकेका पत्त्यावर एकेका काल्पनिक माणसाचं वर्णन होतं. लग्न झालंय, मुलं शाळेत आहेत, नातवंडं झाली, नोकरी सुटली, असं. लोकांनी पत्त्यांचे वयानुसार गट करायचे होते. अमेरिकेतल्या गावांत आणि हाँगकाँगमध्ये खेळ चालला. आयर्लंडच्या पश्चिम टोकाला असलेल्या क्लिफडनमध्ये तो अडखळला. तिथे प्रत्येक जण प्रत्येकाला जन्मापासून ओळखतो, मग नाव-गाव नसलेल्या माणसाबद्दल काय बोलणार? बोट्सवानातल्या कलाहारीत कुंग लोकांकडे तर तो गुंडाळूनच ठेवावा लागला.

कुंग लोक वर्षं मोजत नाहीत. पण दोघांत मोठं कोण, हे मात्र त्यांना पक्कं माहीत असतं, कारण कुणाला कोणत्या नात्याने हाक मारायची ते त्यावर ठरतं. म्हाताऱ्या माणसाच्या नावाला ते जो प्रत्यय लावतात, त्याचा अर्थ वयस्क, मोठा आणि थोर असा एकत्र होतो. थोरल्या काकाला आणि थोर माणसाला एकच शब्द वापरणाऱ्या मराठी माणसाला हे उलगडून सांगावं लागत नाही.

याच कुंग लोकांमध्ये हॅरिएट रोझेनबर्ग या मानवशास्त्रज्ञ बाईंनी जे पाहिलं, ते या सगळ्या अभ्यासातलं सर्वांत बोलकं उदाहरण म्हणावं लागेल. त्यांनी म्हाताऱ्यांना विचारलं, ‘तुमची देखभाल कोण करतं?’ उत्तर जवळपास ठरलेलं यायचं. कुणीच नाही, पोरं बघत नाहीत, उपाशी मरायची वेळ आहे, पूर्वीची माणसं राहिली नाहीत. आणि हे गाऱ्हाणं चालू असताना कुणी त्यांना खायला आणून देत असे, कुणी पाणी भरून ठेवत असे, कुणी सरपण टाकून जात असे. प्रश्नावली घेऊन दोन दिवसांसाठी आलेल्या माणसाने लिहून नेलं असतं की कलाहारीत वृद्धांचे हाल आहेत. रोझेनबर्ग तिथे राहिल्या, म्हणून त्यांना दिसलं की गाऱ्हाणं हा तिथल्या देखभालीचाच भाग आहे. वाटून खाणाऱ्या समाजात तक्रारीने सगळ्यांना आपापल्या वाट्याची आठवण राहते. मोठ्याने कुरकुर करणं हा म्हाताऱ्यांचा हक्क आहे आणि तरुणांना त्यात अपमान वाटत नाही.

आपल्या ओसरीवरची आजी ‘आम्हाला कोण विचारतंय’ म्हणते, तेव्हा तिच्या हातात सुनेने नुकताच दिलेला चहाचा कप असतो. त्या वाक्याचा अर्थ तिच्याजवळ बसल्याशिवाय लागत नाही. मात्र हेच वाक्य खरोखर एकट्या पडलेल्या, दारावर कुलूप असलेल्या घरातल्या म्हातारीच्याही तोंडी असतं. दोन्ही वाक्यं शब्दशः सारखी असतात. पाहणीच्या फॉर्मवर दोघींपुढे एकच खूण होते, म्हणून घरात जाऊन बसणारे अभ्यासक लागतात.

भारतात असं बसून ऐकण्याचं काम लॉरेन्स कोहेन या अमेरिकी मानवशास्त्रज्ञाने वाराणसीत केलं. १९९८ मध्ये त्याचं ‘नो एजिंग इन इंडिया’ हे पुस्तक आलं. विसरणाऱ्या, बडबडणाऱ्या, चिडणाऱ्या म्हाताऱ्यांकडे घरातले लोक कसं बघतात, हा त्याचा विषय. अमेरिकेत तेव्हा अल्झायमर हा शब्द घरोघर पोचला होता. मेंदूतला आजार, त्यात कुणाचा दोष नाही, अशी समजूत तिथे पक्की होत होती. वाराणसीत त्याला वेगळंच ऐकू आलं. म्हातारा बरळतो आहे म्हणजे घरच्यांची सेवा कमी पडते, सुना नीट वागत नाहीत, एकत्र कुटुंब मोडलं, पाश्चात्त्य वारं लागलं. दोष मेंदूचा नसून घराचा. साहजिकच चांगल्या घरातले लोक म्हाताऱ्याचं विसरणं चार माणसांत बोलत नसत, कारण बोललं की घराची अब्रू जाते. गरीब वस्तीत गेल्यावर शब्द पुन्हा बदलले. तिथे डोकं बिघडण्यापेक्षा अंगातल्या कमजोरीची भाषा होती. पोटाला कमी, कामाला जास्त, हा तिथला मुख्य विषय होता.

वाराणसीत कोहेनला साठीनंतर बुद्धी फिरणं या अर्थाचा ‘सठियाना’ हा शब्द भेटला. मराठीत तर ‘साठी बुद्धी नाठी’ ही म्हणच आहे, आणि ‘म्हातारचळ’ हा शब्द त्याहून बोचरा. म्हातारचळ म्हटलं की हट्ट, लालूच, भलत्या वयातली हौस असं सगळं एका पिशवीत भरून टाकता येतं आणि त्यात आजाराला जागाच उरत नाही. किती तरी घरांत दोन-तीन वर्षं म्हातारचळ म्हणून हसण्यावारी किंवा रागावर नेलेली गोष्ट स्मृतिभ्रंश निघते, तोवर फार उशीर झालेला असतो. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांनी ‘अस्तु’ या चित्रपटात हा विषय मराठीत फार समजुतीने मांडला. डॉ. मोहन आगाशे यांनी केलेले संस्कृतचे प्रकांड पंडित आप्पा हत्तीच्या मागे चालत निघून जातात आणि माहुताची बायको त्यांना लेकरासारखं सांभाळते. तिला आजाराचं नाव माहीत नाही. मुलीला सगळं माहीत आहे आणि ती थकली आहे. चित्रपट दोघींपैकी कुणालाही दोषी ठरवत नाही.

शब्द बदलला तर फरक पडतो का? जपानने तो प्रयोग करून पाहिला. तिथे म्हातारपणातल्या विसरण्या-बरळण्याला बोलीत ‘बोके’ म्हणतात. उत्तर जपानमध्ये काम करणाऱ्या जॉन ट्रफॅगनने दाखवलं, की बोके होणं ही तिथे काहीशी स्वतःची चूक मानली जाते. माणूस खेळला, शिकला, चार लोकांत राहिला, तर बोके टळतो. म्हणून तिथले म्हातारे गेटबॉल खेळतात, छंदवर्गांना जातात, मंडळांच्या बैठका चुकवत नाहीत. झालाच बोके, तर अंग राखलं असणार, अशी कुजबुज. वैद्यकात यासाठी जो अधिकृत शब्द होता, त्यात मूर्खपणाचा अर्थ होता. २००४ मध्ये सरकारने तो काढून ‘निन्चिशो’, म्हणजे आकलनाचा विकार, हा शब्द आणला. पुढच्या वर्षीपासून साध्या नागरिकांसाठी दीड तासाचे वर्ग सुरू झाले: दुकानात एखादी आजी तीच वस्तू तिसऱ्यांदा विकत घेत असेल तर तिच्याशी कसं बोलायचं, रस्ता चुकलेल्या माणसाला समोरून कसं भेटायचं. हा वर्ग आतापर्यंत १ कोटीहून अधिक लोकांनी केला आहे. मराठीत आपण अजून ‘वेड लागलं’ आणि ‘डिमेन्शिया’ यांच्या मध्ये कुठे तरी अडकलेले आहोत. ‘स्मृतिभ्रंश’ हा शब्द लेखात असतो, बोलण्यात नसतो.

स्मृती तपासायची कशी, ही गोष्ट तर थेट भाषेशी बांधलेली आहे. जगभर वापरली जाणारी तीस गुणांची चाचणी मार्शल फोलस्टीन आणि सहकाऱ्यांनी अमेरिकेत १९७५ मध्ये तयार केली. आजची तारीख सांगा, कोणतं साल, कितव्या मजल्यावर आहोत, एक इंग्रजी शब्द उलट्या स्पेलिंगने सांगा, कागदावर लिहिलेली ‘डोळे मिटा’ ही सूचना वाचा आणि तसं करा, एक वाक्य लिहा. हरयाणातल्या बल्लभगढच्या खेड्यांत ही चाचणी न्यायची होती. तिथे ५५ च्या पुढच्या पाच हजारांवर लोकांची पाहणी व्हायची होती आणि त्यांतले जवळजवळ तीन चतुर्थांश निरक्षर होते. आयुष्यात कधी लेखणी न धरलेल्या आजींना वाक्य लिहायला सांगितलं, तर शून्य गुण मिळणार. तो शून्य शाळेत न घातल्याचा असणार, पण कागदावर रोग म्हणून चढणार.

म्हणून मेरी गांगुली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी चाचणी नव्याने बांधली. १९९५ मध्ये ती प्रसिद्ध झाली. मजल्याऐवजी विचारलं: तुमचं गाव कोणत्या पोस्टाखाली येतं? सालाऐवजी: आत्ता सकाळ आहे, दुपार आहे की संध्याकाळ? उलट्या स्पेलिंगच्या जागी आठवड्याचे वार उलटे. ‘डोळे मिटा’ वाचण्याच्या जागी परीक्षक स्वतः डोळे मिटतो आणि म्हणतो, मी करतो तसं करा. आणि ‘एक वाक्य लिहा’च्या जागी: तुमच्या घराबद्दल एक वाक्य बोला. या शेवटच्या बदलात मोठी समज आहे. लिहिता न येणाऱ्या माणसालाही घर असतं आणि त्याबद्दल सांगायला काही असतं.

रोजच्या व्यवहाराचे प्रश्नही बदलावे लागले. चेकबुकाचा हिशेब जमतो का, फोन लावता येतो का, हे तेव्हाच्या त्या खेड्यात विचारून उपयोग नव्हता. जेवून झाल्यावर ‘मला वाढलंच नाही’ असं म्हणतात का, गावातल्या गावात वाट चुकतात का, लग्नकार्याच्या बोलण्यात भाग घेतात का, हे प्रश्न आले. १९९८ मध्ये निकाल जाहीर झाले. ६५ च्या पुढच्या लोकांत अल्झायमरचं प्रमाण शेकडा एकच्या आसपास निघालं, जगातल्या सर्वांत कमी प्रमाणांपैकी. खरोखर आजार कमी, की आजारी माणसं लवकर जातात, की भरल्या घरात विसरणं झाकलं जातं, यावर पुष्कळ चर्चा झाली. त्याच वर्षी कोचीत ‘टेन-सिक्स्टीसिक्स’ नावाचा जागतिक संशोधक गट स्थापन झाला. स्मृतिभ्रंशाचे ६६ टक्के रुग्ण गरीब आणि विकसनशील देशांत, आणि संशोधन १० टक्केसुद्धा त्यांच्यावर नाही, ही खंत त्याने नावातच कोरून ठेवली.

मन आणि स्मृती संस्कृतीप्रमाणे बदलतात हे पटायला जड नाही. शरीर तरी सगळीकडे सारखं म्हातारं होत असेल, असं वाटतं. मानवशास्त्रज्ञ मार्गारेट लॉक यांनी १९८३-८४ मध्ये ४५ ते ५५ वयाच्या तेराशेहून अधिक जपानी बायकांना पाळी जाण्याच्या काळातल्या त्रासाबद्दल विचारलं. अमेरिका-कॅनडात तीस-पस्तीस टक्के बायकांनी मागच्या दोन आठवड्यांत अंगातून गरम वाफा आल्याचं सांगितलं होतं. जपानमध्ये हे प्रमाण दहा-बारा टक्के होतं, आणि त्या अनुभवाला जपानी भाषेत नेमका एक शब्दही नव्हता. जपानी बायकांची मुख्य तक्रार होती खांदे आखडण्याची. काहींनी म्हटलं, त्या सोसतात, बोलत नाहीत. लॉक यांना ते पटलं नाही, कारण खांद्याबद्दल त्या भरभरून बोलत होत्या. आहार, श्रम, हवापाणी आणि जगण्याची रीत मिळून शरीरच थोडं वेगळं घडतं, असं त्यांनी मांडलं. बोलिव्हियाच्या जंगलातल्या त्सिमाने लोकांवरच्या अभ्यासाने या म्हणण्याला बळ दिलं. शिकार, मासेमारी आणि शेतीवर जगणाऱ्या या लोकांच्या हृदयाच्या रक्तवाहिन्यांच्या तपासणीचे निकाल २०१७ मध्ये आले, तेव्हा ऐंशीच्या त्सिमाने माणसाच्या रक्तवाहिन्या पन्नाशीतल्या अमेरिकी माणसासारख्या निघाल्या. वयाबरोबर अंगात मंद दाह वाढत जातो आणि त्यातून आजार येतात, हे इटलीत आणि सिंगापुरात दिसलेलं गणितही त्सिमान्यांना लागू पडत नाही, असं २०२५ मधल्या एका अभ्यासाने दाखवलं.

टांझानियातल्या हाड्झा आज्यांची गोष्ट याच्याही पलीकडे जाते. क्रिस्टेन हॉक्स आणि सहकारी १९८० च्या दशकात त्यांच्यासोबत रानात फिरले आणि कोण किती अन्न आणतं ते त्यांनी वजन करून मोजलं. कडक जमिनीतून कंद खणून काढण्यात सर्वांत जास्त राबणाऱ्या बायका पाळी गेलेल्या होत्या. लेकीला नवं बाळ झालं की आधीच्या नातवंडाचं पोट आजीच्या कंदांवर भरत होतं. यातून हॉक्स यांनी मांडणी केली, की पाळी गेल्यावरही मानवी स्त्री कित्येक वर्षं जगते, याचं मूळ आजीच्या या कामात असावं. आजी असणाऱ्या घरातली मुलं जगली, म्हणून आजीचं आयुष्य पिढ्यान्‌पिढ्या लांबत गेलं. सगळे शास्त्रज्ञ याला राजी नाहीत, पण एक गोष्ट खरी आहे: म्हातारपण म्हणजे घरावरचा भार, हे समीकरण त्या तराजूत टिकलं नाही.

भाराचाच विषय निघाला आहे तर ‘सक्सेसफुल एजिंग’ या कल्पनेकडे यावं लागतं. जॉन रो आणि रॉबर्ट कान यांनी १९८७ पासून ती अमेरिकेत मांडली: आजार दूर ठेवा, शरीर-बुद्धी तल्लख ठेवा, लोकांत मिसळा. आज मराठी वर्तमानपत्रांच्या ज्येष्ठ पुरवण्यांत हाच सूर असतो. त्यात वाईट काही नाही, पण कुणावर अवलंबून राहणं म्हणजे हार, असं त्यातून नकळत ठसतं. बंगालच्या मंगलदिही गावात राहून आलेल्या सारा लॅम्ब यांनी यावर बोट ठेवलं. तिथल्या म्हाताऱ्यांना मुलांच्या हातचं खाण्यात कमीपणा वाटत नव्हता. लहानपणी दिलं ते आता परत येतं, असा साधा हिशेब होता. त्यांची चिंता निराळी होती. वय वाढतं तशी माया वाढते, नातवंडांत, गाईगुरांत, झाडांत जीव अडकतो, आणि तो सोडवायचा कसा?

परावलंबनाची भीती मात्र बऱ्याच ठिकाणी आहे. जपानमध्ये अंथरुणाला न खिळता चटकन मरण यावं म्हणून प्रार्थना करायची खास मंदिरं आहेत. आपल्याकडेही ‘चालता-बोलता जावं’ हे मागणं प्रत्येक देवळात रोज मागितलं जातं. जपानने नुसत्या मागण्यावर न थांबता २००० मध्ये देखभालीचा सक्तीचा विमा सुरू केला. चाळिशीपासून प्रत्येकाने हप्ता भरायचा आणि पुढे गरजेनुसार घरी मदतनीस, दिवसाचं केंद्र किंवा निवासाची सोय घ्यायची. आपल्याकडे २००७ चा कायदा आई-वडिलांना मुलांकडून पोटगी मागण्याचा हक्क देतो. आईने लेकाविरुद्ध अर्ज करायचा, ही वाट किती जणी धरतील? सांभाळणारी सून किंवा लेक थकते तेव्हा तिला हात द्यायला या कायद्यात काही नाही, आणि खरी उणीव तीच आहे.

भारतातल्या वृद्धांचा सर्वांत मोठा अभ्यास मुंबईत देवनारच्या आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्थेतून चालतो. २०१७-१८ च्या पहिल्या फेरीत ४५ च्या पुढचे लोक आणि त्यांचे जोडीदार मिळून ७२ हजारांहून अधिक जणांच्या घरी कार्यकर्ते गेले. मुठीची ताकद, चालण्याचा वेग, बोटातून रक्ताचा थेंब, आणि सोबत घर, शेती, कर्ज, मुलं, एकटेपणा यांचे तासन्‌तास चालणारे प्रश्न. त्याच्याच जोडीच्या स्मृतीच्या अभ्यासातून २०२३ मध्ये अंदाज पुढे आला, की साठीपुढच्या ७.४ टक्के भारतीयांना, म्हणजे सुमारे ८८ लाख लोकांना, स्मृतिभ्रंश आहे. बल्लभगढचा आकडा एका भागातल्या फक्त अल्झायमरचा होता, हा देशभरातल्या सगळ्या प्रकारच्या स्मृतिभ्रंशाचा आहे, त्यामुळे दोन्ही एका ओळीत ठेवता येत नाहीत. बायकांत, खेड्यांत आणि कमी शिकलेल्यांत प्रमाण जास्त दिसलं.

या ८८ लाखांतले किती तरी जण आज मराठी घरांत आहेत. घरातल्या कुणाला विसरण्याच्या तक्रारीसाठी डॉक्टरांकडे न्यायचं असेल, तर चष्मा आणि कानाचं यंत्र आठवणीने बरोबर घ्या. नीट न दिसल्या-ऐकल्याचे गुणही स्मृतीच्या खात्यातून वजा होतात. शाळा किती झाली आहे, हे आधीच सांगा. प्रश्न मराठीत, जमेल तर त्यांच्या घरच्या बोलीत विचारा, अशी विनंती करा, आणि उत्तर द्यायला त्यांना वेळ द्या, मध्येच आपण बोलू नका. केसपेपरवर जन्मतारीख १ जून लिहिली जात असेल, तर खरं वय काय असावं, तेही डॉक्टरांच्या कानावर घाला.